सोबत एक इसम

जनरल खरे जनरल नव्हते. सैन्यात ते साधे शिपाई म्हणून लागले आणि साधे शिपाई म्हणूनच बाहेर पडले. पण मधल्या काळात त्यांनी पूर आलेल्या नदीतून तीन जखमी माणसं अलीकडच्या काठाला आणली आणि त्याबद्दल देशातलं सगळ्यात मोठं पदक त्यांच्या छातीवर लागलं. एवढं पदक लागलेल्या माणसाला नुसतं शिपाई कसं म्हणायचं? म्हणून गल्लीनं आपल्या अधिकारात त्यांना बढती देऊन टाकली. सरकारला कळवायची कुणाला गरज वाटली नाही.

सैन्यातून परतल्यावर जनरलांनी सायकलदुरुस्तीचं दुकान टाकलं आणि टेलिफोन एक्स्चेंजमधल्या एका ऑपरेटरशी लग्न केलं. ती ऑपरेटर म्हणजे आपल्या काकू. काकूंनी सारी नोकरी ट्रंक कॉल जोडण्यात घालवली. त्यांचा आवाज असा होता की पलीकडे कितीही मोठा साहेब असो, त्यांनी "थांबा" म्हटलं की तो थांबायचा. निवृत्त झाल्यावर कॉल जोडायचा बोर्ड गेला, पण आवाज घरी आला, आणि घरात थांबायला एक जनरलच उरले होते.

एका सकाळी दुकानासमोर लष्कराची जीप येऊन उभी राहिली. जनरल उलट्या केलेल्या सायकलीची चेन बसवत होते. जीपमधून कडक इस्त्रीच्या गणवेशातली एक तरुण कॅप्टन बाई उतरली आणि तिनं खाडकन सॅल्यूट ठोकला. जनरलही ताडकन उठले आणि त्यांनी उलट सॅल्यूट केला. हातात पाना होता, तो कपाळावर बसला. काकू आतून चहा घेऊन आल्या तेव्हा नवरा टेंगूळ चोळत होता आणि कॅप्टन बाई कागद वाचून दाखवत होती.

"मोठं पदक मिळालेले आता देशभरात चारच जण हयात आहेत, सर," ती म्हणाली. "म्हणून सरकारनं सवलती वाढवल्या आहेत. मानधन दुप्पट."

"माणसं संपत आल्यावर सरकारचा हात सुटला म्हणायचा," काकू म्हणाल्या.

कॅप्टन बाई कसलेली होती. ती पुढे वाचत राहिली. लष्करी इस्पितळात मोफत उपचार, दातांसकट. टेलिफोनचं बिल माफ. यावर काकूंनी एवढा मोठा उसासा टाकला की कॅप्टन बाईनं मान वर करून पाहिलं. राष्ट्रीय संचलनाला पहिल्या रांगेत खुर्ची. छातीवर पदक असेल तेव्हा गणवेशातल्या कुणीही, अगदी सेनाप्रमुखांनीसुद्धा, आधी सॅल्यूट करायचा. आणि वेळ येईल तेव्हा तोफांच्या सलामीनं अंत्यसंस्कार.

"ते आत्ता नको," जनरल म्हणाले.

"घाई नाही, सर," कॅप्टन बाई गंभीरपणे म्हणाली. "आणि शेवटचं. रेल्वेच्या पहिल्या वर्गातून आजन्म मोफत प्रवास. पदकधारक आणि सोबत एक इसम."

"इसम ठरलेला असतो का?" जनरलांनी विचारलं.

"नाही, सर. दर वेळी वेगळा चालेल. फक्त एक. आणि पदक छातीवर लावलेलं हवं."

हे संभाषण नको तिथे झालं. शेजारच्या सलूनवाल्यानं एका गिऱ्हाइकाच्या अर्ध्या दाढीवर वस्तरा धरून ते शब्दन् शब्द ऐकलं. त्या गिऱ्हाइकाची उरलेली दाढी व्हायच्या आत अर्ध्या गल्लीला कळलं होतं, आणि दिवे लागायच्या आत उरलेल्या गल्लीला.

दुसऱ्याच दिवशी सलूनवाला दारात आला. "जनरल, भाचीसाठी एक स्थळ बघायला जायचंय. लांब आहे. म्हटलं, तुमचाही तेवढाच फेरफटका."

जनरल हो म्हणाले. त्यांचं तसंच होतं. शत्रूपुढे न हटलेला हा माणूस शेजाऱ्यापुढे दर वेळी हटायचा. कुणाला नाही म्हणायचं म्हटलं की त्यांची जीभ टाळ्याला चिकटे. ते कोट घालून, पदक लावून गेले, मुलाकडच्यांवर पदकाची भलतीच छाप पडली आणि स्थळ जमलं. मग साखरपुड्याला जनरल हवेतच, लग्नाला तर हवेतच हवेत. दर खेपेला सलूनवाला "सोबत एक इसम" म्हणून पहिल्या वर्गात पाय पसरून बसायचा.

मग रांगच लागली. शिंप्याला कापडाच्या बाजारात जायचं होतं. कोपऱ्यावरच्या वकिलाची परगावी तारीख होती, आणि ती दर खेपेला पुढे जायची, त्यामुळे जनरलही दर खेपेला जायचे. संगीतशिक्षकाला आपली जुनी वाद्यं दुरुस्त करून आणायची होती. सगळ्यात कहर केला तो जनरलांच्या थोरल्या बहिणीनं, म्हणजे काकूंच्या नणंदेनं. त्यांचे गुडघे दुखायचे आणि चांगला डॉक्टर म्हणे तीन गावं ओलांडून पलीकडेच बसायचा.

"वन्सं, आपल्या गावात डॉक्टर नाही का?" काकूंनी एकदा विचारलं.

"आहे गं. पण तो पायी जायच्या अंतरावर आहे," नणंद म्हणाल्या. "माझे गुडघे दुखतात ना!"

सुरुवातीला काकूंना या सगळ्याचं अप्रूप वाटलं. फोन यायचे ते त्याच घ्यायच्या. "जनरलसाहेब प्रवासात आहेत. गुरुवारी परततील. शुक्रवार सकाळ मोकळी आहे, देऊ का?" असं म्हणताना जुना बोर्ड पुन्हा समोर आल्यासारखं वाटे. पण हळूहळू लक्षात यायला लागलं की नवरा घरी येतो तो कपडे बदलायला. परक्या लग्नांच्या फोटोंत तो नवरीचा मामा म्हणून उभा आहे, आणि आपल्या घरातली त्याची खुर्ची मांजरानं बळकावली आहे.

शिवाय सॅल्यूटचा ताप होताच. चौकातल्या वाहतूक पोलिसानं दोन्ही हात सोडून सॅल्यूट केला आणि चारी बाजूंच्या गाड्या एकमेकींत घुसल्या. त्या दिवसापासून जनरल लांबच्या रस्त्यानं स्टेशनवर जायला लागले. एकदा तर सलूनवाल्यानं भाचीच्या नव्या घरासाठी स्वस्तात मिळालं म्हणून संडासाचं भांडं घेतलं आणि ते जनरलांच्या हाती देऊन स्वतः पाणी प्यायला गेला. नेमकी त्याच वेळी समोरच्या फलाटावर सैनिकांची अख्खी तुकडी उतरली. त्यांच्या सुभेदाराची नजर पदकावर गेली, हुकूम सुटला आणि साठ-सत्तर बूट एकदम आपटले. सॅल्यूट स्वीकारल्याशिवाय त्यांना हात खाली घेता येईना आणि भांडं खाली ठेवल्याशिवाय जनरलांना हात वर करता येईना. खाली ठेवायला जागा नव्हती, कारण फलाट नुकताच धुतला होता आणि भांडं नवं कोरं होतं. शेवटी त्यांनी ते डाव्या काखेत मारलं आणि उजव्या हातानं सॅल्यूट केला. ही हकीकत त्यांनी घरी सांगितली नाही. सलूनवाल्यानं ती प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगितली.

या साऱ्यात काकूंचं आपलं एक मागणं होतं, आणि ते एकच होतं. त्यांना समुद्र बघायचा होता.

त्याला कारण होतं. एक्स्चेंजमध्ये असताना समुद्रकाठच्या शहराची लाइन त्यांच्याकडे असायची आणि पलीकडच्या टोकाला एक ऑपरेटर होती. दोघींनी एकमेकींना कधी पाहिलं नाही. कामाच्या रिवाजानं ही तिला "बंदर" म्हणायची आणि ती हिला "जंक्शन". दोन कॉलच्या मधल्या फटीत दोघींनी अख्खा संसार बोलून काढला होता. सासूचा स्वभाव, मुलाचा गोवर, साहेबाचा केसांचा टोप, बंदरच्या नवऱ्याचं आजारपण आणि मग त्याचं जाणं. एका दुपारी काकूंनी विचारलं होतं, "अगं, तुझ्या मागे ते काय वाजतंय?" बंदर म्हणाली, "समुद्र. खिडकी लावू का?" काकू म्हणाल्या, "नको. राहू दे." त्यानंतर कामाचा कंटाळा आला की त्या म्हणायच्या, "बंदर, जरा खिडकी उघड गं."

ती बंदर दर वर्षी बोलवत होती. आधी काकूंचा मुलगा लहान होता, मग त्याचं शिक्षण, मग त्याचं परदेशी जाणं. आता मुलगा मार्गी लागला होता, नोकरी संपली होती आणि फुकटचा पास घरात होता.

"अहो, बंदरकडे जाऊ या," काकू म्हणाल्या.

"जाऊ की," जनरल म्हणाले. "पाऊसपाणी सरू दे."

पावसाळा सरला तर थंडी आली. थंडीत म्हणे समुद्राचा वारा बाधतो. उन्हाळ्यात गर्दी असते. मग जनरलांचाच गुडघा धरला, मग दुकानात काम तुंबलं. आणि तेच जनरल शिंप्याबरोबर बटणं आणायला अख्खा दिवस प्रवास करून गेले.

त्या दिवशी काकूंचा संयम सुटला. त्या तरातरा सलूनमध्ये गेल्या. "यापुढे माझ्या नवऱ्याला कुठं न्यायचं नाही," त्यांनी सांगितलं. "आधी मी समुद्राला जाणार."

सलूनवाला कात्री थांबवून म्हणाला, "काकू, तिकडे नाही यायचे ते. माझ्या मेव्हण्याचं घर आहे तिथं. मी तीनदा विचारलं. साफ नाही म्हणाले."

"नाही म्हणाले? तोंडानं?"

"तोंडानं. मलाही नवल वाटलं."

काकू घरी आल्या त्या विचार करतच. ज्या माणसाला नाही म्हणता येत नाही तो नाही म्हणाला, पण त्यांना त्याचा अर्थ लागेना. आणि अर्थ लागेना म्हणून राग आणखीच चढला. संध्याकाळी त्या स्टेशनवर गेल्या आणि आपल्या पेन्शनमधून दुसऱ्या वर्गाचं एक तिकीट काढून आल्या.

"उद्या सकाळच्या गाडीनं मी बंदरकडे चाललेय," त्यांनी जेवताना जाहीर केलं.

जनरलांचा घास हातातच राहिला. "एकटी?"

"पास तुमचा आहे. पाय माझे आहेत."

सकाळी जनरलांनी काकूंची बॅग उचलून स्टेशनवर आणून दिली, पाण्याची बाटली भरून दिली आणि गाडी सुटायच्या आधीच मान खाली घालून निघून गेले. काकूंनी खिडकीतून पाहिलं देखील नाही. म्हणजे एकदाच पाहिलं, पण तोवर ते दिसेनासे झाले होते.

गाडी सुटली. समोरच्या बाकावर एक बाई तीन टोपल्या आणि एक झोपलेला नवरा घेऊन बसली होती. दुसऱ्याच्या झोपलेल्या नवऱ्याकडे बघून काकूंना आपल्या जाग्या नवऱ्याचा आणखी राग आला. एक स्टेशन गेलं, दोन गेली. तिसऱ्या स्टेशनानंतर तिकीट तपासनीस घाम पुसत डब्यात शिरला.

"टेलिफोनमधल्या काकू कोण?" त्यानं ओरडून विचारलं.

काकूंनी हात वर केला.

"तुम्ही इथं बसून कसं चालेल? तुम्ही सोबतचा इसम आहात!"

"मी कुणाचा इसम नाही. माझ्याजवळ माझं तिकीट आहे."

"अहो, पहिल्या वर्गात मोठ्या पदकाचे साहेब बसलेत. ते म्हणतात, माझा इसम मागच्या कुठल्यातरी डब्यात आहे. दर स्टेशनला उतरून तुम्हाला शोधायला निघतात. पण या गाडीत आज भरतीची पोरं आहेत, डबेच्या डबे भरून. साहेब चार पावलं टाकतात की एक पोरगा सॅल्यूट करतो. साहेब थांबून उलट करतात. पुढे दोन पावलं, की दुसरा. मागच्या स्टेशनला कसेबसे दोन डबे पार केले, तोवर शिट्टी झाली. धावत परत गेले."

"मग चालत्या गाडीतून या म्हणावं, आतल्या आत."

"पहिल्या वर्गाचं दार मधून बंद असतं. नियम आहे." तपासनीसानं पुन्हा घाम पुसला. "काकू, माझी नोकरी जुनी आहे. पण प्रत्येक स्टेशनला त्यांना बघून मलाही हात कपाळाला लावावासा वाटतो, आणि माझ्या हातात पंच असतो."

काकूंना हसू आलं, पण त्यांनी ते दिसू दिलं नाही. पुढचं स्टेशन आलं तशी त्यांनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं. लांबवर, गाडीच्या तोंडाशी, जुना कोट, छातीवर पदक आणि पायात घरातल्या चपला अशा थाटात जनरल फलाटावर उभे होते. कोट आणि पदक आणायला घरी धावले असणार आणि त्या घाईत बूट राहिलेच असणार. त्यांच्यासमोर नुकतीच मुंडी भादरलेली पोरं एकामागून एक ताठ होत होती आणि जनरल प्रत्येकाला मनापासून, पूर्ण, काटेकोर सॅल्यूट करत होते. एकालाही त्यांनी अर्धा दिला नाही. मध्येच ते मान उंचावून मागच्या डब्यांकडे बघायचे आणि तेवढ्यात पुढचा पोरगा समोर यायचा.

काकूंनी बॅग उचलली आणि त्या खाली उतरल्या. त्या फलाटावरून भराभर चालत गेल्या आणि रांगेतल्या पोरांना आपल्या जुन्या आवाजात म्हणाल्या, "थांबा."

सगळी रांग थांबली. काकूंनी नवऱ्याचा दंड धरला आणि त्याला डब्यात चढवलं.

पहिल्या वर्गात गाद्या मऊ होत्या आणि पंखा चालू होता. मग जनरल खिडकीबाहेर बघत म्हणाले, "मला पोहता येत नाही."

"काय?"

"पोहता येत नाही. कधीच येत नव्हतं."

"अहो, मग नदी?"

"नदी पोहून नाही ओलांडली. दोन्ही काठांच्या मध्ये टेलिफोनची वायर टाकलेली होती. पाठीवर माणूस बांधला आणि त्या वायरीला धरून आलो. असा तीन वेळा. पायाला तळ लागत नव्हता. पहिल्या खेपेला काही वाटलं नाही, कारण काय आहे तेच ठाऊक नव्हतं. दुसऱ्या खेपेला ठाऊक होतं. तिसऱ्या खेपेला मी मोठमोठ्यानं रडत होतो. पाठीवरचा जखमी माणूसच मला म्हणत होता, शाब्बास, आता थोडंच राहिलं."

काकूंनी पाण्याची बाटली उघडून त्यांच्यापुढे धरली.

"तेव्हापासून गुडघ्याच्या वर पाणी मला बघवत नाही. तुला समुद्राकाठी न्यायचं, तर तू म्हणणार, चला जरा आत जाऊ. मी काय सांगणार? देशातलं सगळ्यात मोठं पदक, आणि बायकोबरोबर ओल्या वाळूत उभं राहता येत नाही?"

"पण मला सांगायला काय झालं होतं?"

"आधी लाज वाटली. मग इतकी वर्षं झाली की उशीर झाला असं वाटलं."

काकूंना पुष्कळ काही बोलायचं होतं. इतक्या वर्षांचा राग त्यांनी बॅगेत भरून आणला होता आणि आता तो कुठे ठेवावा ते कळत नव्हतं. मग त्या म्हणाल्या, "टेलिफोनची वायर होती म्हणालात?"

"हो."

"मग निम्मं पदक आमच्या खात्याचं आहे. इतकी वर्षं एकट्यानं लावून हिंडताय!"

जनरल हसले. हसता हसता त्यांचे डोळे भरले आणि ते पुन्हा खिडकीबाहेर बघायला लागले. काकूंनी पिशवीतून बिस्किटं काढून त्यांच्या हातावर ठेवली.

समुद्रकाठच्या स्टेशनवर गर्दीतून कुणाला ओळखायचं हा प्रश्नच होता. काकूंच्या मनातली बंदर उंच, सडसडीत होती. प्रत्यक्षात एक बुटकी, गोल, छत्री घेतलेली बाई प्रत्येक उतारूच्या तोंडाकडे बघत फिरत होती. काकूंनी धीर करून हाक मारली, "बंदर?"

ती बाई गर्रकन वळली. "बोला, जंक्शन!"

दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या आणि बोलायला लागल्या. स्टेशनपासून घरापर्यंत बोलल्या, चहा करताना बोलल्या, चहा गार झाल्यावर तो पुन्हा गरम करताना बोलल्या. ट्रंक कॉलसारखं तीन मिनिटं झाली म्हणून मध्ये तोडणारं कुणी नव्हतं. जनरल कोपऱ्यात बसून दोघींकडे आळीपाळीनं बघत होते.

उन्हं उतरल्यावर तिघं किनाऱ्यावर गेली. काकूंनी समुद्र पाहिला आणि पहिल्यांदाच त्या गप्प झाल्या. मग डोळे मिटून म्हणाल्या, "आवाज अगदी तोच आहे." जनरल मात्र लांब, दगडी कठड्यावर, समुद्राकडे पाठ करून बसले. काकूंनी त्यांना अजिबात बोलावलं नाही. त्या बंदरचा हात धरून घोटाभर पाण्यात गेल्या आणि लाट आली की लहान मुलीसारख्या किंचाळायला लागल्या. पाठ करून बसलेल्या माणसाला त्या किंकाळ्या ऐकू आल्या. मान वळवल्याशिवाय त्याच्यानं राहवेना, आणि एकदा मान वळल्यावर अख्खा माणूस वळला.

नेमकी तेव्हाच तिथून जवळच्या नौदल शाळेची एक होडी चालली होती. पंधरा-वीस कॅडेट वल्ही मारत होते आणि त्यांचा शिक्षक पुढे उभा होता. कठड्यावरच्या म्हाताऱ्याच्या कोटावर उन्हात काहीतरी चमकलं. शिक्षकानं दुर्बीण लावली, आणि नियमाला पक्का असल्यामुळे मागचापुढचा विचार न करता हुकूम सोडला, "सगळे उभे! सॅल्यूट!"

सगळे उभे राहिले आणि होडी शांतपणे उलटी झाली.

आरडाओरडा झाला. टोप्या पाण्यावर तरंगायला लागल्या. जनरलांनी पाहिलं ते फक्त पाणी आणि पाण्यात बुडणारी माणसं. ते कठड्यावरून उडी मारून चपला टाकून धावत सुटले. काकूंच्या अंगावर पाणी उडवत त्यांच्या शेजारून गेले, घोटाभर, गुडघाभर, कमरेपर्यंत पाण्यात शिरले आणि एका टोपीकडे हात लांब केला.

तोवर होडीतले सगळे कॅडेट उभे राहिले होते. पाणी त्यांनाही कमरेपर्यंतच होतं. शिक्षक आपली दुर्बीण शोधत होता.

आता जनरलांच्या लक्षात आलं की आपण कुठे आहोत. ते जागच्या जागी थिजले. एका हातात परक्याची ओली टोपी, चेहरा पांढराफटक, पाऊल ना पुढे पडेना ना मागे. आणि त्यांना वाचवायला धावावं की सॅल्यूट करावा हे न कळून वीस कॅडेट त्यांच्याभोवती कोंडाळं करून, ठिबकत, सॅल्यूट ठोकून उभे राहिले.

काकू कपड्यांसकट आत गेल्या. लाट आली, त्या डगमगल्या, पण थांबल्या नाहीत. त्यांनी नवऱ्याच्या हातातली टोपी काढून घेतली, शिक्षकाच्या डोक्यावर घातली आणि नवऱ्याचा हात आपल्या हातात घेतला.

"अहो," त्या हळूच म्हणाल्या, "तळ लागतोय ना पायाला?"

जनरलांनी पायानं चाचपून पाहिलं. "लागतोय," ते म्हणाले.

"मग चला. थोडंच राहिलं."

रात्रीच्या जेवणाआधी नौदल शाळेचे प्रमुख जातीनं माफी मागायला बंदरच्या घरी आले. जनरलांचे कपडे दोरीवर वाळत होते आणि ते स्वतः बंदरच्या फुलाफुलांच्या गाऊनमध्ये, तिखट सूप पीत बसले होते. पदक वाळवण्यासाठी म्हणून बंदरनं ते गाऊनलाच टाचलं होतं. प्रमुखांनी क्षणभर गाऊनकडे पाहिलं, क्षणभर पदकाकडे पाहिलं आणि टाचा जुळवल्या. जनरल वाटी ठेवून उठले आणि त्यांनी सॅल्यूट परत केला. बंदर स्वयंपाकघरात पळाली, कारण तिला हसू आवरेना.

"सर, आमच्यामुळे तुम्हाला त्रास झाला," प्रमुख म्हणाले. "आमच्याकडून काही होण्यासारखं असेल तर संकोच करू नका. गाडी, अतिथिगृह, काहीही."

जनरल काकूंकडे बघत राहिले.

"मला पोहायला शिकवाल का?" जनरल म्हणाले.

प्रमुखांनी आपण बरोबर ऐकलं ना हे बघायला काकूंकडे पाहिलं. काकूंनी मान डोलावली.

"उद्या सकाळपासून, सर," प्रमुख म्हणाले.

दोन दिवसांसाठी आलेली मंडळी पंधरा दिवस राहिली. तिकडे गल्लीत वकिलाची तारीख जनरलांशिवाय झाली, नणंदबाईंना जवळच्या डॉक्टरचा गुण आला आणि शिंपी बटणं आणायला स्वतःच्या तिकिटानं गेला. सलूनवाल्यानं दोनदा फोन केला. दोन्ही वेळा तो बंदरनं उचलला आणि ठेवला.

नौदल शाळेचा तलाव उथळ होता. होडी बुडवणाऱ्या शिक्षकालाच हे काम दिलं होतं आणि पाण्यात सॅल्यूट करायचा नाही अशी त्याला लेखी ताकीद होती. पहिले दोन दिवस जनरल पायरीवरच बसले. तिसऱ्या दिवशी त्यांनी पाण्यात तोंड घातलं आणि दिवसभर ज्याला त्याला ते सांगत सुटले. मग कठडा धरून पाय मारणं आलं, त्यात शिक्षकाला दोन लाथा बसल्या. शिक्षक म्हणायचा, अंग सैल सोडा, पाणी तुम्हाला धरतं. जनरल म्हणायचे, मला पाण्याचा तसा अनुभव नाही.

पण एका सकाळी त्यांनी कठडा सोडला. पाठीवर आडवे झाले, दोन्ही हात पसरले, डोळे आभाळाकडे लावले. शिक्षकानं पाठीखालचा हात अलगद काढून घेतला आणि जनरल तरंगत राहिले. पोट वर, पांढऱ्या मिशा पाण्याच्या रेघेवर. कान पाण्यात असल्यामुळे जगात कसलाच आवाज नव्हता. किती वेळ गेला कुणास ठाऊक. मग ते धडपडत उभे राहिले, नाकातोंडातलं पाणी फुंकलं आणि काठाकडे वळून ओरडले, "बघितलंस का? अगं, बघितलंस का?"

काठावरच्या बाकावर दोघी बायका बसल्या होत्या. बंदर तिच्या धाकट्या जावेनं घराच्या वाटणीत काय केलं ते सांगत होती आणि काकू तोंडावर हात ठेवून ऐकत होत्या.

"काय हो?" काकूंनी मान वळवली.

"मी तरंगलो!"

"अगबाई! कधी?"

"आत्ता! इतका वेळ!"

"नाही हो बघितलं," काकू ओशाळून म्हणाल्या. "जावेचं ऐकत होते. पुन्हा करा ना."

जनरलांनी एकदा बायकोकडे पाहिलं, एकदा शिक्षकाकडे पाहिलं, दीर्घ श्वास घेतला आणि पुन्हा पाठीवर आडवे झाले.